पाठ दाखवून जिंकणारी फौज

मंगोल स्वार एका घोड्यावर विसंबत नसे. सोबत तीन-चार घोडी असत. एक दमलं की दुसऱ्यावर मांड! चंगीझखानाने सारी फौज दहाच्या हिशेबात बांधली होती: १०, १००, १,००० आणि १०,०००.

हातात लाकूड, शिंग आणि जनावराचे स्नायू चिकटवून केलेलं आखूड धनुष्य. भरधाव घोड्यावरून मागे वळून बाण सुटे.

खरं कसब मात्र माघारीत होतं. १२२३ साली सुबुताई आणि जेबे या सेनानींनी रशियन राजांना आणि भटक्या किपचाक टोळ्यांना पाठ दाखवली, तब्बल नऊ दिवस! फौज न विस्कटता एवढं मागे हटणं हल्ल्याहूनही अवघड. पाठलागाची रांग लांबत गेली. मग काल्का नदीकाठी मंगोल उलटले. छावणीत अडकलेल्या कीव्हच्या राजाने तीन दिवसांनी शरणागती पत्करली.