निर्बंध उठताना : फ्रान्समधील लस-साशंकता

लस उपलब्ध असूनही ती घेणे लांबणीवर टाकण्याच्या किंवा नाकारण्याच्या वृत्तीला सार्वजनिक आरोग्यशास्त्रात लस-साशंकता म्हणतात. ती केवळ अज्ञानातून उपजते आणि शिक्षणाबरोबर ओसरते, या समजाला फ्रान्सचा अनुभव दुजोरा देत नाही. ज्या देशात १८८५ साली पाश्चर यांनी रेबीजवरील लस प्रथम एका मुलाला टोचली, आणि जेथील पाश्चर संस्थेत काम केलेल्या हाफकिन यांनी पुढे मुंबईत प्लेगची लस तयार केली, त्याच देशात २०१८च्या एका जागतिक पाहणीत दर तिघांपैकी एकाने लशी सुरक्षित असल्याचे अमान्य केले, आणि हे प्रमाण पाहणीतील सर्व देशांत सर्वाधिक होते.

या अविश्वासामागे शासनाच्या वर्तनाचा इतिहास आहे. १९९८ साली हेपटायटिस-बीची लस आणि मज्जासंस्थेचा एक विकार यांचा संबंध सिद्ध झालेला नसतानाही शाळांतील लसीकरण थांबवले गेले, तेव्हा सावधगिरीचा हा निर्णय अनेक पालकांना दोषाची कबुलीच वाटला. २००९च्या स्वाइन फ्लूच्या साथीत सरकारने ९ कोटी ४० लाख मात्रांची मागणी नोंदवली, परंतु लोकांचा ज्यांच्यावर खरा भरवसा होता त्या फॅमिली डॉक्टरांना बाजूला ठेवून क्रीडागृहांत केंद्रे उघडली. परिणामी दहा टक्के लोकांनीही लस घेतली नाही. ही चूक निव्वळ व्यवस्थापनाची मानणे अपुरे आहे, कारण लस घेणारा माणूस औषधाइतकाच ते देणाऱ्या हातालाही पारखत असतो.

२०२१च्या मे-जूनमध्ये कोरोनाचे निर्बंध टप्प्याटप्प्याने शिथिल होत असताना लसीकरणाचा वेग मंदावला, आणि १२ जुलैला अध्यक्ष माक्राँ यांनी आरोग्य-पासची व्याप्ती वाढवण्याची घोषणा केली. लसीकरण पूर्ण झाल्याचा, चाचणीत संसर्ग न आढळल्याचा किंवा आजारातून बरे झाल्याचा दाखला असलेला हा पास ऑगस्टपासून कॅफे, उपाहारगृहे व लांब पल्ल्याच्या रेल्वेगाड्यांसाठीही आवश्यक ठरला. घोषणेनंतर एका दिवसात नऊ लाखांहून अधिक जणांनी लसीसाठी वेळ नोंदवली. दुसरीकडे शनिवारमागून शनिवार निषेधमोर्चेही निघत राहिले.

वर्षअखेरीस सुमारे ९० टक्के प्रौढांनी लस घेतली होती, हे यश मोठे आहे आणि त्याने असंख्य जीव वाचवले, यात शंका नाही. तथापि हा आकडा विश्वासाचा पुरावा मानता येत नाही. पासचा जोर कॅफेच्या दारात चालत होता, आणि ज्यांना या रोगाचा धोका सर्वाधिक होता ते ऐंशी वर्षांवरील, एकाकी, क्वचितच घराबाहेर पडणारे वृद्ध त्या दारापर्यंत पोहोचतच नव्हते. म्हणूनच या वयोगटात फ्रान्स स्पेन आणि पोर्तुगालच्या मागे राहिला. स्पेनमध्ये अनेक ठिकाणी प्राथमिक आरोग्यकेंद्रेच वृद्धांना दूरध्वनी करून बोलावून घेत होती, तर फ्रान्समध्ये वेळ मुख्यतः ज्याची त्याने, बहुधा इंटरनेटवरून, मिळवायची होती. १४ मार्च २०२२ रोजी पासची सक्ती स्थगित झाली, तेव्हा तरुणांना लसीकडे वळवणारे साधन संपले; या वृद्धांसाठी मात्र घरापर्यंत जाणाऱ्या डॉक्टर-परिचारिकांची गरज पूर्वीइतकीच उरली.