डोंगर कुणी चढायचा



तुम्ही मला या साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदाचा मान दिलात. 9 सप्टेंबर 1942 ला शिरीषकुमार आणि त्याचे चार सोबती इंग्रज सरकारच्या पोलिसांच्या गोळ्या झेलून ज्या गावात पडले, त्या नंदुरबारात बोलायला उभं राहताना शब्द जपून वापरावेसे वाटतात. संयोजकांनी मला विषय दिला आहे तो सहवेदनेचा. माणसाच्या जगण्यात, त्याच्या कामात आणि समाजात तिचं काय स्थान आहे, हे मी सांगावं अशी त्यांची अपेक्षा आहे.

नंदुरबार जिल्ह्यात या विषयावर बोलायचं तर आधी एका कवितेला सामोरं जावं लागतं. शहादा तालुक्यातले आपले कवी वाहरू सोनवणे यांची 'स्टेज'. 1987 साली त्यांचा 'गोधड' हा संग्रह आला, तेव्हापासून वाहरूदादांचं नाव मराठी कवितेत पक्कं झालं. 'स्टेज' आपल्यापैकी अनेकांना पाठ आहे. ज्यांचं दुःख आहे ते खाली बसलेले, ज्यांचं नाही ते वर उभे, आणि वरचे खालच्यांना त्यांच्याच दुःखाची ओळख करून देत आहेत, असं ते चित्र आहे. भूमिहीन भिल्लांच्या लढ्यात वाहरूदादा स्वतः कार्यकर्ते म्हणून उभे होते. बाहेरून आलेल्या, मनानं चांगल्या, शिकलेल्या माणसांना त्यांनी फार जवळून पाहिलं होतं. म्हणून ही कविता दुष्टांबद्दल नाही. ती आपल्यासारख्या कळवळा असलेल्यांबद्दल आहे, आणि म्हणूनच ती बोचते.

ती वाचल्यापासून सहवेदनेसाठी माझ्याकडे एकच माप उरलं आहे. ज्याचं दुःख आहे त्यानं तोंड उघडल्यावर ऐकणाऱ्याचा एखादा तरी निर्णय बदलला का? डोळ्यांत पाणी आलं की नाही, हे मी विचारत नाही. पाणी लवकर येतं आणि लवकर सुकतं.

या मापानं आपल्याच जिल्ह्याचा इतिहास पाहा. मे 1971 मध्ये शहाद्याजवळ पाटीलवाडीला भुकेले आदिवासी धान्यासाठी गेले आणि त्यांच्यावर गोळीबार झाला. एकाचा जीव गेला. त्या वेळी या भागात सालदारकीचं राज्य होतं. वर्षभर दुसऱ्याच्या बांधावर राबायचं, आणि बाप ज्या जमिनीचा मालक होता त्याच जमिनीवर पोरानं सालदार म्हणून जायचं. अंबरसिंग सुरतवंती यांना लोक अंबरसिंग महाराज म्हणत. ते भिल्ल होते, भजनं गाणारे होते, सर्वोदयाच्या कामात होते. पाड्यावर जाऊन, लोकांत बसून, भजनातून बोलत बोलत त्यांनी माणसं जोडली. 30 जानेवारी 1972 ला शहाद्यात भू-मुक्ती मेळावा भरला, आणि त्याच वर्षी श्रमिक संघटना उभी राहिली. मुंबईच्या आयआयटीत शिकलेल्या कुमार शिराळकरांसारखी तरुण मंडळी तेव्हा इथे आली. या मंडळींनी सालदाराच्या झोपडीत राहून त्याचा हिशेब मांडायला घेतला. किती दिवस राबला, काय मिळालं, उचलीपोटी किती कापलं. असा हिशेब ज्यानं शेजारी बसून लिहिला, त्याला भाषणात विशेषणं लागत नाहीत.

त्या लढ्यातलं मला सर्वांत मोलाचं वाटतं ते बायकांचं पाऊल. 1972-73 च्या सुमारास शहाद्याच्या शिबिरांतून बायका बोलत्या झाल्या. मजुरीबद्दल बोलता बोलता त्या दारूवर आल्या, दारूवरून रात्रीच्या मारहाणीवर आल्या. मग त्या गावोगाव निघाल्या, दारूची मडकी फोडली, बायकोला मारणाऱ्या नवऱ्याला चारचौघांत उभं करून जाब विचारला. घरातला मार ही ज्याच्या त्याच्या घरची गोष्ट, असं तोवर संघटनेतल्या पुरुषांनाही वाटत होतं. एकीनं सांगितलं, दुसरीनं ऐकलं, आणि संघटनेच्या कामाची दिशा बदलली. स्त्रीमुक्तीच्या चळवळीचा इतिहास लिहिताना पुढे देशभरातल्या अभ्यासकांना शहाद्याचं नाव घ्यावं लागलं.

आता डोंगराकडे येते. 2011 च्या जनगणनेनुसार आपल्या जिल्ह्यात 69 टक्के लोक आदिवासी आहेत. पावरी, भिली, मावची, कोकणी बोलणारे. खाली सपाटीवर अहिराणी आणि गुजरी. आणि दवाखाना, कचेरी, कोर्ट, शाळेचं पहिलीचं पुस्तक, हे सगळं प्रमाण मराठीत. मी आश्रमशाळेत शिकवत होते. पहिलीतलं मूल आठवडे-आठवडे तोंड उघडत नाही, तेव्हा त्याला मंद ठरवणं किती सोपं असतं, हे मी जवळून पाहिलं आहे. ते मूल मंद नसतं. त्याला समोरची बाई काय म्हणते आहे ते कळत नसतं, इतकंच. नर्मदा बचाव आंदोलनानं 1990 च्या दशकाच्या सुरुवातीला जीवनशाळा काढल्या, त्यांत त्याच पाड्यातली शिकलेली पोरं शिक्षक झाली आणि धडा मुलांच्या बोलीतून सुरू झाला. मुलं बोलायला लागली.

मला तुम्हाला एक प्रसंग सांगायचा आहे. सातपुड्यातल्या एका पोषण पुनर्वसन केंद्रात मी काही कामानं गेले होते. तीव्र कुपोषित मूल आणि त्याची आई, दोघांनी तिथे 14 दिवस राहायचं असतं. मुलाला ठरल्या वेळी आहार, रोज वजन, दंडाचा घेर मोजायची रंगीत पट्टी, आणि आईला बुडीत मजुरी. एक पोरसवदा आई मुलाला झोळीत बांधून दाराशी उभी होती. तिला घरी जायचं होतं. वजन नुकतं कुठे वाढायला लागलं होतं. तिथल्या दोघीतिघी तिला मराठीतून समजावत होत्या, मग रागावायला लागल्या. या बायांना पोराची काळजीच नाही, असं एक जण माझ्याकडे बघून म्हणाली. आई खाली मान घालून उभी, पण दार सोडत नव्हती.

तेवढ्यात एक वयस्क परिचारिका आली. ती जमिनीवर बसली, त्या मुलीलाही शेजारी बसवलं, आणि पावरीतून तिच्याशी बोलायला लागली. मला सगळं कळलं नाही. पण बऱ्याच वेळानं मुलीनं मान वर केली आणि एकदम भडाभडा बोलली. घरी सहा-सात वर्षांची थोरली होती. तिच्याकडे एक रांगतं पोर, बकऱ्या आणि पाण्याचा हंडा. नवरा ऊसतोडीला गुजरातेत. घर दरीच्या तोंडाशी. रांगणारं पोर कुठवर जाईल, या एका विचारानं तिला तिथल्या खाटेवर झोप येत नव्हती. परिचारिकेनं त्या पाड्याच्या आशाताईला फोन लावला. टेकडीवर जाऊन रेंज धरेपर्यंत वेळ लागला, पण फोन लागला. दोन्ही पोरं मावशीकडे पोचवायची व्यवस्था झाली, बकऱ्यांचंही बघितलं गेलं. मग त्या मुलीनं झोळी सोडली.

त्या परिचारिकेनं एकच प्रश्न विचारला होता: घरी कोण आहे? केंद्रात भरतीच्या वेळी जो फॉर्म भरतात, त्यात वजन, उंची, लस, जात, गाव, सगळं असतं. हा प्रश्न मला त्यात दिसला नाही. तो छापला, तर पावरी येणारी एखादी ताई कामावर नसली तरी तो विचारला जाईल. चांगल्या माणसाच्या मनात आलं तरच घडेल, अशा गोष्टीवर आपण जिल्ह्याचं आरोग्य सोडून देऊ नये, असं मला कळकळीनं वाटतं. चांगल्या माणसाला जे सुचलं ते दुसऱ्या दिवशी कामाची रीत व्हायला हवं.

चिमलखेडीच्या अंगणवाडी सेविका रेलू वसावे तुम्हाला ठाऊक आहेत. 2020 च्या टाळेबंदीत संसर्गाच्या भीतीनं पाड्यावरच्या आया अंगणवाडीत येईनाशा झाल्या. तेव्हा रेलूताईंनी मासेमारीची होडी मागून घेतली आणि स्वतः वल्हवत साधारण 18 किलोमीटर जाऊन बाळांची वजनं घेतली, गरोदर बायांना आहार पोचवला. देशभर त्यांचं कौतुक झालं, आणि ते योग्यच होतं. पण ते पाणी तिथे आलं कुठून, हे त्या कौतुकात कुणी फारसं लिहिलं नाही. ते सरदार सरोवराचं फुगवट्याचं पाणी आहे. अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांची मिळून 33 गावं त्या धरणाच्या बुडितात आली. पायवाटा, शेतं, नाल्यावरचे उतार पाण्याखाली गेले, आणि बाळाचं वजन घ्यायला होडी लागायला लागली. देशानं आपला निर्णय घेतला, त्याची किंमत एका मानधनावरच्या बाईच्या खांद्यांनी भरली. डिसेंबर 2023 मध्ये अंगणवाडी सेविका राज्यभर संपावर गेल्या, त्या वेळी त्यांना हार घालणारे बरेच जण गप्प होते. ज्यांच्याकडून आपण सर्वांत जास्त माया मागतो, त्यांना सर्वांत कमी पैसे देतो. या सभागृहातल्या आशाताई आणि अंगणवाडीताईंसमोर हे बोलताना मला संताप येतो, आणि तो मी लपवणार नाही.

एका अवघड विषयाला हात घालते. डाकीण. डोंगरात मूल दगावतं, ताप उतरत नाही, गुरं पटापट मरतात. भगत बोट दाखवतो, आणि ते बोट बहुधा एकट्या बाईकडे, विधवेकडे, नावावर जमिनीचा तुकडा असलेल्या म्हातारीकडे जातं. मग मारहाण, गावाबाहेर काढणं, कधी खून. अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते या डोंगरात वर्षानुवर्षं फिरले आहेत. 20 ऑगस्ट 2013 ला समितीच्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला, त्यानंतर जादूटोणाविरोधी कायदा आला. सहवेदना म्हणजे सगळ्यांचं सगळं समजून घेणं, असं कुणी म्हणालं तर मी इथे थांबवीन. ज्या बाईवर काठी उगारली आहे तिच्या बाजूनं आधी उभं राहायचं, पोलिसांना बोलवायचं, कायदा लावायचा. त्यात दोन मतं असू नयेत.

पण ती बाई सुखरूप झाल्यावर दुसरं एक घर उरतं. ज्याचं मूल गेलं ते. त्या बापाला दवाखान्यात कुणी सांगितलं होतं का, की मूल कशानं गेलं? त्याच्या भाषेत, खाली बसून? बऱ्याचदा त्याच्या हाती एक कागद येतो आणि गाडीची सोय स्वतः करा असं सांगितलं जातं. कारण कळलं नाही की माणूस कारण शोधत फिरतो, आणि भगताकडे कारण नेहमी तयार असतं. तो त्याच्या बोलीत बोलतो, त्याच्या घरी येतो, रात्रभर बसतो. भगताला हटवायचं असेल तर डॉक्टरला तेवढा वेळ बसावं लागेल. एका डॉक्टरच्या दाराशी शंभर-दीडशे माणसं उभी असतील तर तो बसणार कसा, हेही विचारायला हवं, आणि तो प्रश्न त्या थकलेल्या डॉक्टरला नाही, मुंबईला विचारायला हवा.

आपण लिहिणारी माणसं आहोत, म्हणून साने गुरुजींचं नाव घेतल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. 'श्यामची आई'नं उभ्या महाराष्ट्राला रडवलं, हे सगळे सांगतात. मला गुरुजींच्या आणखी दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. 1932 साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबा दर रविवारी गीतेवर बोलत, आणि गुरुजी ते लिहून घेत. 'गीता प्रवचने' हे पुस्तक आपल्याला त्यामुळे मिळालं. स्वतः इतका मोठा लेखक, पण दुसऱ्याचं बोलणं त्याच्याच शब्दांत टिपून ठेवण्यात गुरुजींना कमीपणा वाटला नाही. दुसरी गोष्ट मे 1947 ची. पंढरपूरचं मंदिर हरिजनांना खुलं व्हावं म्हणून गुरुजी उपोषणाला बसले आणि मंदिर खुलं झालं. लिहून घेणं आणि मग त्यासाठी बसणं, दोन्ही कामं त्यांनी केली. आपल्याकडे आदिवासींवर लिहिलेली पुस्तकं आता पुष्कळ आहेत. आदिवासींनी सांगितलेलं, जसंच्या तसं, सांगणाऱ्याच्या नावानं छापलेलं फार थोडं आहे. तरुण लेखकांनो, आजीची गोष्ट आजीच्या नावानं छापा. तिचं नाव मुखपृष्ठावर आलं पाहिजे, ऋणनिर्देशात नाही.

आता संमेलनापुढे एक ठराव ठेवते. पहिली मागणी सरकारकडे आहे. धडगाव, मोलगी, अक्कलकुवा आणि नवापूरच्या सरकारी दवाखान्यांत पावरी, भिली आणि मावची बोलणाऱ्या स्थानिक तरुण-तरुणींना दुभाषे म्हणून पगारी नेमावं, आणि पोषण केंद्राच्या फॉर्ममध्ये घरी मागे कोण आहे याचा रकाना घालावा. दुसरी मागणी आपल्याकडेच आहे. दिवाळीनंतर डोंगर रिकामा होतो, माणसं मुकादमाच्या ट्रकमधून बारडोली-सुरतकडे ऊसतोडीला जातात आणि होळीला परततात. काठी गावच्या होळीला सगळा सातपुडा घरी असतो. आपलं पुढचं संमेलन होळीच्या पाठोपाठ, धडगावला भरवावं, आणि त्याचं पहिलं सत्र ऊसतोडीवरून आलेल्यांचं असावं, त्यांच्या बोलीत. मराठीत ऐकायचं असेल त्यांनी शेजारच्याला अर्थ विचारावा.

ठराव मी मांडला आहे. अनुमोदनाला आशाताईंपैकी कुणी पुढे यावं, ही विनंती.