'बर्क' करणें : एका इंग्रजी क्रियापदाची हकीकत

इंग्रजी भाषेला माणसांच्या नांवांवरून क्रियापदें बनविण्याची जुनी खोड आहे. आयर्लंडांतील मेयो परगण्यांत कॅप्टन बॉयकॉट या नांवाचा एका जमीनदाराचा कारभारी होता. १८८० सालीं कुळांनीं त्याच्याशीं सर्व व्यवहार तोडले, आणि 'बॉयकॉट' हें क्रियापद जगभर झालें. शेक्सपिअरच्या नाटकांतील अश्लील वाटणारीं वाक्यें गाळून कुटुंबांत वाचण्याजोगी आवृत्ति काढणारे डॉक्टर बाउडलर यांच्याही नांवाची तीच गत झाली. मराठीला ही रीत मानवत नाहीं. आपल्याकडे प्रयत्न भगीरथ होतो, घरांत कळीचा नारद शिरतो, झारींत शुक्राचार्य बसतो. पण 'नारदणें' असें कोणी म्हणत नाहीं. पुण्याचा कोतवाल घाशीराम याच्या कैदेंत १७९१ सालीं कित्येक ब्राह्मण कोंडवाड्यांत गुदमरून मेले आणि जमावानें त्याला दगडांनीं ठेचलें. जुलमी अंमलदाराचा दाखला म्हणून त्याचें नांव राहिलें. क्रियापद मात्र झालें नाहीं.

इंग्रजींतील अशा क्रियापदांपैकीं फार थोड्यांच्या वाचनांत येणारें एक क्रियापद म्हणजे 'बर्क'. हा शब्द पाहतांच शिकलेल्या मनुष्याला वॉरन हेस्टिंग्जवर पार्लमेंटांत महाभियोग चालविणारा वक्ता एडमंड बर्क आठवतो, आणि 'बर्क करणें' म्हणजे लांबलचक भाषण करणें असावें, असा तर्क तो बांधतो. तर्क चुकीचा आहे. एडमंड बर्क १७९७ सालीं वारला. ज्याच्या नांवाचें क्रियापद झालें तो विल्यम बर्क त्या वेळीं आयर्लंडांत लहान पोर होता, आणि पुढें त्यानें जो लौकिक मिळविला त्याचा वक्तृत्वाशीं कांहीं संबंध नव्हता. उलट, आवाज निघूं न देणें हाच त्याचा धंदा होता.

त्या काळीं एडिंबरो शहर शरीरविच्छेदनाच्या शिक्षणाकरितां नांवाजलेलें होतें. डॉक्टर रॉबर्ट नॉक्स याच्या खाजगी वर्गाला विद्यार्थ्यांची रीघ लागे. परंतु विच्छेदनाला प्रेतें मिळावयाचीं कोठून? कायद्यानें मुख्यतः फांशीं गेलेल्या खुन्यांचीं प्रेतें मिळत, आणि तीं गरजेच्या मानानें फारच थोडीं असत. उरलेली गरज रात्रीं थडगीं उकरणारे लोक भागवीत. म्हणून नातेवाईक थडग्यांवर लोखंडी पिंजरे बसवीत व पहारे ठेवीत. ग्रेफ्रायर्स येथील स्मशानभूमींत तसले पिंजरे आजही पाहावयास मिळतात.

विल्यम बर्क व विल्यम हेअर हे दोघे आयर्लंडांतून कालव्याच्या कामावर मजूर म्हणून आलेले. वेस्ट पोर्ट भागांतील एका बोळांत हेअर व त्याची बायको गरीब मुशाफरांना भाड्यानें निजावयास जागा देत. नोव्हेंबर १८२७ मध्यें तेथें राहणारा एक म्हातारा पेन्शनर शिपाई आजारानें मेला. त्याच्याकडे चार पौंड भाडें थकलेलें होतें. दोघांनीं शवपेटींत कातडीं कमावण्याची झाडाची साल भरली आणि प्रेत नॉक्सच्या वर्गावर नेऊन सात पौंड दहा शिलिंगांस विकलें. येथपर्यंत खून नव्हता. पण थकबाकी वसूल होऊन वर नफा उरला, हा हिशेब त्यांच्या मनांत पक्का बसला. आणि पुढच्या सुमारें वर्षभरांत त्यांनीं सोळा माणसें मारलीं.

कोण होतीं तीं माणसें? आजारी भाडेकरू, म्हाताऱ्या भिकारणी, राख चाळून पोट भरणारी बाई, आजी आणि तिचा नातू, रस्तोरस्तीं हिंडणारा व 'वेडा जेमी' म्हणून सर्व शहराला ठाऊक असलेला एक तरुण. जेमी वगळला तर ज्यांची उद्यां कोणी चौकशी करणार नाहीं, अशींच माणसें निवडलेलीं दिसतात. रीतही ठरलेली होती. आधीं दारू पाजून गुंगवावयाचें. मग एकानें छातीवर भार टाकावयाचा आणि दुसऱ्यानें नाक-तोंड हातानें घट्ट झांकावयाचें. गळ्यावर वण नाहीं, अंगावर जखम नाहीं, रक्ताचा डाग नाहीं. विकत घेणाऱ्याला प्रश्न विचारण्यास निमित्त उरत नसे, आणि विचारण्याची त्याची इच्छाही दिसत नव्हती. नुसता जीव घेणें एवढाच या क्रियापदाचा आशय नाहीं. मागें खूण न ठेवतां घेणें, हा त्याचा गाभा आहे. पुढचे सर्व अर्थ यांतूनच फुटले.

३१ ऑक्टोबर १८२८ च्या रात्रीं मार्गरेट डॉकर्टी नांवाच्या आयरिश बाईचा बळी गेला, हा शेवटचा. बर्कच्या बिऱ्हाडीं उतरलेलें जेम्स ग्रे व ॲन ग्रे हें गरीब जोडपें दुसऱ्या दिवशीं तेथें परत आलें, तेव्हां त्यांना बिछान्याच्या पेंढ्याखालीं तिचें प्रेत दिसलें. बर्कबरोबर राहणारी हेलन मॅक्डुगल हिनें त्यांच्यापुढें गुडघे टेकून, गप्प बसाल तर आठवड्याला दहा पौंड मिळतील, असें आमिष दाखविलें. एका ताज्या प्रेताची जेवढी किंमत येई, तेवढे पैसे दर आठवड्याला! ग्रे यांनीं ते नाकारले आणि तीं दोघें पोलिसांत गेलीं. या सर्व हकीकतींत आदरानें नांव घ्यावें अशीं हीं दोनच माणसें आहेत, आणि त्यांच्या नांवाचें क्रियापद झालेलें नाहीं.

खटला उभा राहिला तेव्हां बर्कच्या रीतीचा गुण सर्वांच्या ध्यानांत आला. प्रेतावर निर्णायक अशी खूणच नसल्यामुळें वैद्यकीय पुरावा लंगडा पडला. न्यायवैद्यकाचे नामांकित अध्यापक रॉबर्ट क्रिस्टिसन यांनाही, मृत्यु घातपातानें झाला असणें संभवनीय आहे, यापलीकडे छातीठोकपणें सांगतां आलें नाहीं. अखेर हेअरला माफीचा साक्षीदार करावें लागलें. २४ डिसेंबर १८२८ रोजीं सुरू झालेला खटला रात्रभर चालून नाताळच्या सकाळीं संपला. बर्कला फांशीची शिक्षा झाली, हेलनवरील आरोप शाबीत झाला नाहीं, हेअर सुटला, आणि डॉक्टर नॉक्सवर तर खटलाच झाला नाहीं.

२८ जानेवारी १८२९ रोजीं बर्कला भर रस्त्यांत फांशीं दिलें, तेव्हां हजारों लोक लोटले होते. त्या गर्दींतून आरोळी उठली कीं, दोर देऊं नका, त्याला 'बर्क' करा! लंडनच्या 'टाइम्स' पत्रानें पुढच्याच आठवड्यांत ती छापली. बॉयकॉटला आपल्या नांवाचें क्रियापद ऐकण्यास पुढें बरींच वर्षें मिळालीं. बर्काला कांहीं क्षणच मिळाले. न्यायाधीशाच्या हुकुमाप्रमाणें त्याच्या प्रेताचें जाहीर विच्छेदन झालें, आणि त्याचा सांगाडा एडिंबरो विद्यापीठाच्या संग्रहांत अद्याप उभा आहे.

१८३१ सालीं लंडनमध्यें बिशप व विल्यम्स हे दोघे अशाच व्यापारांत पकडले गेले. ते गुंगीचें औषध घालून माणसाला विहिरींत उलटें सोडीत. नाक-तोंड दाबणें त्यांच्या रीतींत नव्हतें. तरीही लोकांनीं त्यांना 'बर्कर' म्हटलें. म्हणजे दोन-तीन वर्षांतच शब्दाचा अर्थ पसरून, प्रेत विकण्यासाठीं केलेला कोणताही खून त्यांत मावूं लागला. १८३२ च्या कायद्यानें बेवारशी प्रेतें शिक्षणासाठीं मिळण्याची सोय झाली आणि हा धंदा बुडाला. धंद्याबरोबर क्रियापदही मरावयाचें. पण तें पार्लमेंटांत व वर्तमानपत्रांत नोकरीस लागलें.

तेथें त्याचें कर्म बदललें. पूर्वीं माणूस 'बर्क' केला जाई. आतां चौकशी, अहवाल, ठराव, वादविवाद किंवा एखादें पुस्तक 'बर्क' केलें जाऊं लागलें. यांतील भेद बारीक पण महत्त्वाचा आहे. सरकारनें एखाद्या पुस्तकावर बंदी घातली आणि राजपत्रांत हुकूम छापला, तर तेथें 'बर्क' शोभत नाहीं. ती उघड दडपशाही. परंतु त्याच पुस्तकाच्या प्रती छापखान्यांतून गुपचूप उचलल्या आणि तें छापलें होतें कीं नाहीं असा संशय मागें राहिला, तर तेथें हें क्रियापद नेमकें बसतें. चौकशी समितीचा अहवाल मतदानानें फेटाळला, तर तो 'बर्क' झाला नाहीं. तो चर्चेलाच न येतां मुदत संपली, तर झाला. यापुढें झिजून आणखी एक सौम्य अर्थ आला आहे : अवघड प्रश्नाला बगल देणें. हा अर्थही कोशांत आहे, पण मूळ धार त्यांत उरलेली नाहीं, आणि जपून लिहिणारानें तो टाळावा हें बरें.

वापराबाबत दोन-तीन गोष्टी ध्यानांत ठेवण्याजोग्या आहेत. हें क्रियापद सकर्मक आहे. मध्यें शब्दयोगी अव्यय न घालतां कर्म थेट जोडावें. तें लहान अक्षरानें लिहितात. विशेषनामाचें मोठें अक्षर गळून पडलें म्हणजे नांवाचा शब्द झाला असें समजावें. आणि याच उच्चाराची जी एक हलकी शिवी इंग्रजींत आहे, तिचा याच्याशीं संबंध नाहीं. तिचें मूळ निराळें असून तें सभ्य श्रोत्यांपुढें सांगण्याजोगें नाहीं.

मराठींत याला काय म्हणावें? 'चिरडणें' चालणार नाहीं, चिरडलेलें दिसतें. 'गळा घोटणें' जवळचें वाटतें, पण गळ्यावर वण राहतात, आणि ते राहूं नयेत म्हणून तर बर्कनें गळ्याला हात लावला नाहीं. 'मुस्कटदाबी' हा शब्द शरीराच्या चित्रानें अगदीं हुबेहूब आहे : तोंड दाबणें, आणि त्यावरून आवाज दाबणें. दोन भाषांनीं एकमेकींना न विचारतां एकाच कृतीवरून एकच रूपक काढावें, याचें नवल वाटतें. पण मुस्कटदाबी झाल्याची ओरड होते; ती सभेंत सांगतां येते. 'बर्क' झालेल्या गोष्टीची ओरड करावयास कोणी उरत नाहीं. म्हणून 'बिनबोभाट दडपणें' हा प्रतिशब्द त्यांतल्या त्यांत उत्तम. 'बोभाट' या शब्दांत गवगवा आहे आणि तक्रारही आहे. दोन्ही एकदम नाहीशीं करणारा असा उपसर्ग दुसरा नाहीं.

इंग्लंडांत हा शब्द हल्लीं क्वचित् आढळतो. हिंदुस्थानांत मात्र त्याला दोन ठिकाणीं आश्रय मिळाला आहे. एक, वैद्यकीय महाविद्यालयांतील न्यायवैद्यकाचीं पुस्तकें : तेथें छाती व नाक-तोंड एकदम दाबून गुदमरविण्याला 'बर्किंग' हेंच पारिभाषिक नांव आहे, आणि विद्यार्थी तें परीक्षेपुरतें पाठ करितात. दुसरें ठिकाण म्हणजे पोलिसखातें. तेथें 'बर्किंग' म्हणजे घडलेल्या गुन्ह्याची नोंदच न करणें. गुन्ह्यांचे आंकडे मागील वर्षापेक्षां वाढले तर वरिष्ठ जाब विचारतात. नोंद केली नाहीं तर आंकडा वाढत नाहीं, तपास करावा लागत नाहीं, आणि कागदावर सर्व शांत दिसतें.

एका अल्पवयीन मुलीला पळवून नेल्याची तक्रार घेऊन पोलिसांकडे गेलेल्या पित्याची दाद प्रथम लागली नाहीं. तें प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलें. 'ललिता कुमारी विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार' या नांवाच्या त्या खटल्यांत १२ नोव्हेंबर २०१३ रोजीं पांच न्यायमूर्तींच्या घटनापीठानें निर्णय दिला कीं, खबरीवरून दखलपात्र गुन्हा उघड होत असेल तर पहिली खबर नोंदविणें बंधनकारक आहे. एडिंबरोच्या बोळांत जन्मलेला हा शब्द त्या निकालपत्रांत याच अर्थानें आलेला आहे. त्या वेळीं लागू असलेलें १९७३ च्या फौजदारी संहितेचें १५४ वें कलम आतां गेलें. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचें १७३ वें कलम त्याच्या जागीं आहे. त्यांत तीन वर्षें व त्याहून अधिक, परंतु सात वर्षांहून कमी शिक्षेच्या गुन्ह्यांत, वरिष्ठांच्या परवानगीनें चौदा दिवसांत प्राथमिक चौकशी करण्याची मुभा ठेविली आहे.

मराठी वर्तमानपत्रें या प्रकाराला 'गुन्हा नोंदविण्यास टाळाटाळ' असें म्हणतात. टाळाटाळ हा शब्द फार मऊ आहे. टाळाटाळ आज ना उद्यां संपते. शिवाय 'बर्किंग'ची खरी कारागिरी नकारांत नसून लिहून घेण्यांत आहे. मोबाइल फोन खिशांतून काढून नेला, अशी तक्रार घेऊन मनुष्य चौकीवर जातो. त्याला बसावयास देतात, कागद पुढें येतो, आणि त्यावर 'चोरीस गेला' असें न लिहितां 'गहाळ झाला' असें लिहिलें जातें. गहाळ झालेल्या वस्तूला चोर नसतो. तक्रारदार सही करितो, प्रत घडी घालून खिशांत ठेवितो, आणि आपली तक्रार नोंदली गेली असें समजून घरीं जातो.