कुस्ती बघायची कशी?

मार्गशीर्ष संपत आला की अहमदपूरची माणसं माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेला निघतात. घोडे, गाढवं, लावणी आणि कुस्त्यांचा फड! फडात पैलवान चितपट झाला की आपण टाळ्या वाजवतो. पण खरी कुस्ती त्याच्या आधी चाललेली असते, आणि तीच बघायला शिकायला हवं.

पैलवानाचा दिवस तांबडं फुटण्याआधीच सुरू होतो. हौदातली लाल माती खोऱ्यानं उकरायची. त्या मातीत ताक, हळद, लिंबू, तेल मुरवलेलं असतं. ती उकरता उकरताच खांदे तयार होतात. मग वस्तादांच्या नजरेखाली लढती. एकच पट, म्हणजे पाय धरून पाडायचा डाव, शंभरदा काढायचा, कारण लढतीत विचार करायला सवड नसते. हातानं आपणहून जायला हवं. संध्याकाळी जोर, बैठका, दोर चढणं. धाकटी पोरं थोरल्यांसाठी थंडाई घोटतात, त्यांचं अंग रगडतात. जपानमध्ये सुमोच्या तालमीतही धाकटेच पहाटे आधी उठतात आणि सगळ्यांचा स्वयंपाक करतात. सेवा करता करता थोरल्याचं अंग कसं चालतं ते कळतं, असं मला मनापासून वाटतं.

लातूर जिल्ह्यात, निलंगा तालुक्यातल्या रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार याच वाटेनं गेले. कोल्हापूरच्या गंगावेश तालमीत घडले, १९६९ साली लातूरच्याच मैदानात महाराष्ट्र केसरी झाले आणि १९७० साली एडिनबर्गच्या राष्ट्रकुल स्पर्धेत सुवर्णपदक घेऊन आले. पुढे पुण्याच्या गोकुळ वस्ताद तालमीत त्यांनी पोरं घडवली. आपल्या मातीतला एवढा मोठा माणूस, पण त्यांचं नाव आपल्या पोरांना माहीत असतं का?

आता फडात बसल्यावर काय बघायचं? सलामी झाली, खडाखडी सुरू झाली, की चेहरे सोडा आणि पाय बघा. पुढचा पाय जरा जड पडला, की समोरचा एकेरी पट काढणार. मग मनगटं बघा, पकड कोण सोडवतो आणि कोण बदलतो. कलाजंग हा डाव सगळ्यांना दिसतो, कारण माणूस खांद्यावर आडवा उचलला जातो. पण त्याआधी दंड ओढून तोल मोडलेला असतो, तो क्षण हेरा. आणि दहा मिनिटं दोघं नुसते झोंबत राहिले, तर कंटाळू नका. तिथं दम मोजला जातोय. पोट कुणाचं जास्त वरखाली होतंय, तेवढं बघत राहा.

यंदा माळेगावला जाल तेव्हा मोठ्या जोड्यांची वाट बघत बसू नका. दुपारी लवकर जा, लहान पोरांच्या रेवड्यांवरच्या कुस्त्या बघा. पोरांचे डाव अजून पुरते मुरलेले नसतात, म्हणून ते सुटे सुटे दिसतात. नवख्या डोळ्यांना शिकायला तेच सोपे.