पायांची कमाई

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)



मुलगी शाळेच्या शर्यतीत पहिली आली की घरात कौतुक होतं. ढाल कपाटावर ठेवली जाते, शेजारीपाजारी येऊन बघून जातात. पुढं मुलगी मोठी होते, सराव वाढतो, अभ्यासाचा वेळ जाऊ लागतो आणि मग कुणीतरी वडीलधारं माणूस विचारतंच, 'ते सगळं ठीक आहे, पण धावून पोट भरतं का?' प्रश्न रास्त आहे. तो हसण्यावारी नेण्यात अर्थ नाही. आज या प्रश्नाचं उत्तर मी एका बाईच्या आयुष्याचा हिशेब मांडून शोधणार आहे. तिचं नाव टेगला लोरूप. केनियाची मॅरेथॉन धावपटू.

केनियाच्या वायव्येला, युगांडाच्या सीमेलगत वेस्ट पोकोट नावाचा मुलूख आहे. तिथला पोकोट समाज मुख्यतः गुरं राखणारा. गुरं हीच तिथली दौलत. लग्न ठरलं की वराकडून मुलीच्या घरी गुरं येतात. म्हणजे मुलीची किंमत किती, हेसुद्धा गुरांतच मोजलं जायचं. टेगलाचा जन्म या भागातला, १९७३ सालचा. वडिलांची एकाहून अधिक लग्नं झालेली, घरात सख्खी-सावत्र मिळून चोवीस भावंडं. मुलींनी धाकट्यांना सांभाळायचं, शेतात राबायचं, गुरांमागं जायचं. सातव्या वर्षी ती शाळेत जाऊ लागली. शाळा दहा किलोमीटरवर. रोज सकाळी अनवाणी धावत शाळा गाठायची, हाच तिचा पहिला सराव. शाळेच्या शर्यतींत आपल्याहून मोठ्या मुलामुलींना ती मागं टाकू लागली, तेव्हा तिच्या मनानं घेतलं की आपण धावपटू व्हायचं. घरात विरोध झाला. पाठीशी उभी राहिली ती थोरली बहीण. या बहिणीला लक्षात ठेवा, तिचा उल्लेख पुन्हा येणार आहे.

घराबाहेरही फार वेगळं चित्र नव्हतं. टेगलाची उंची जेमतेम पाच फूट आणि वजन चाळीस किलोच्या आसपास. एवढीशी, काटकुळी मुलगी काय धावणार, असं देशाच्या ॲथलेटिक्स संघटनेतल्या मंडळींना वाटत होतं. १९८८ साली तिनं एक मानाची क्रॉसकंट्री शर्यत अनवाणी धावून जिंकली, तेव्हा कुठं त्यांचं मत बदललं. पुढच्याच वर्षी जागतिक क्रॉसकंट्री स्पर्धेत कनिष्ठ गटासाठी तिची निवड झाली. धावण्याचे पहिले बूट तिला मिळाले ते त्या वेळी.

आता या पेशाविषयी थोडं सांगायला हवं. मॅरेथॉन म्हणजे ४२ किलोमीटर १९५ मीटर. बायकांना एवढं अंतर झेपणार नाही, असं मानणारे लोक खेळाच्या कारभारात कितीतरी वर्षं होते. ऑलिम्पिकमध्ये स्त्रियांची मॅरेथॉन पहिल्यांदा झाली ती १९८४ साली, लॉस एंजेलिसला. तेव्हा टेगला अकरा वर्षांची होती. म्हणजे ज्या पेशात ती पुढं नाव काढणार होती, तो पेशा बायकांसाठी नुकताच उघडत होता.

या पेशाचं गणित अवघड असतं. क्रिकेटपटू वर्षाकाठी कितीतरी सामने खेळतो. एक वाईट गेला तर दुसरा हाताशी असतो. मॅरेथॉन धावणारी बाई वर्षातून दोन, फार तर तीन मोठ्या शर्यती धावते. शरीर त्याहून अधिक सोसत नाही. कमाई येते ती बक्षिसातून, नुसतं सहभागी होण्यासाठी आयोजक देतात त्या मानधनातून, ठरावीक वेळेच्या आत धावल्याच्या बोनसमधून आणि बुटांच्या कंपनीशी झालेल्या करारातून. या सगळ्याची भिस्त त्या दोन-तीन सकाळींवर. त्या सकाळी पोट बिघडलं, पोटरीत गोळा आला, की सहा महिन्यांची मेहनत पाण्यात. आपल्या शेतकऱ्यासारखंच आहे हे. पेरणी वेळेवर झाली, निंदणी-खुरपणी झाली, तरी काढणीच्या दिवशी आभाळ कसं असेल ते आपल्या हातात नसतं.

टेगलाचं पहिलं मोठं पीक हाती आलं ते १९९४ च्या नोव्हेंबरात. एकविसाव्या वर्षी ती न्यूयॉर्क मॅरेथॉन जिंकली. वेळ २ तास २७ मिनिटं ३७ सेकंद. ही शर्यत जिंकणारी ती पहिली आफ्रिकी स्त्री. केनियाचे पुरुष तोवर जगभर जिंकत होते, त्यात नवल उरलं नव्हतं. बाईनं जिंकणं हे नवल होतं. जिची किंमत गुरांत मोजली गेली असती, ती आता स्वतः कमावून घरी पैसे आणणारी झाली.

पुढच्या वर्षी ती पुन्हा न्यूयॉर्कला उतरली. या वेळी मनावर मोठं ओझं होतं. शर्यतीच्या थोडंच आधी तिची ती थोरली बहीण, घरात एकटीनं तिची बाजू घेणारी, पोटातल्या रक्तस्रावानं गेली. टेगला धावली आणि जिंकली. बहिणीच्या मुलांची जबाबदारीही तिनं उचलली. धावून पोट भरतं का, या प्रश्नाचं उत्तर इथं मिळतं. एकटीचंच नाही, घरातल्या पोरक्या मुलांचंही भरलं.

टेगला एकटीच होती असंही नाही. तिच्याच पिढीतली दुसरी केनियन धावपटू लोर्ना किप्लागात. त्या काळात सरावाच्या मिश्र शिबिरांत मुलीही पुरुषांबरोबरीनं धावायच्या, पण परत आल्यावर स्वयंपाक आणि धुणंभांडी त्यांच्याच वाट्याला यायची. धावपटूला सरावाइतकीच विश्रांतीची गरज असते. पुरुष आडवे व्हायचे, मुली चुलीशी बसायच्या. लोर्नानं आपल्या बक्षिसांच्या पैशातून इटेन या गावी सरावाचं केंद्र उभारलं आणि तिथं मुलींना फक्त धावायला आणि शिकायला मोकळं ठेवलं. बाईच्या हाती कमाई आली की ती कुठं वळते, याचं हे आणखी एक उदाहरण.

आता विक्रमाकडे येऊ. १९८५ साली लंडनला नॉर्वेच्या इन्ग्रिड क्रिस्टियान्सननं २ तास २१ मिनिटं ६ सेकंदांचा विक्रम केला होता. तो तेरा वर्षं कुणालाही मोडता आला नाही. १९९८ च्या एप्रिलमध्ये रॉटरडॅमला टेगलानं तो मोडला. वेळ २ तास २० मिनिटं ४७ सेकंद. हे आकडे कानावरून निघून जातात, म्हणून वेगळ्या रीतीनं सांगतो. आपल्या गावातल्या मैदानावर चारशे मीटरची फेरी आखा. ती ८० सेकंदांत पूर्ण करा. धडधाकट तरुणाला एक फेरी जमेल, दुसरीला धाप लागेल. टेगलानं त्या वेगानं एकशे पाच फेऱ्या होतील एवढं अंतर कापलं.

तरीही कुरबुर झालीच. रॉटरडॅमला स्त्री-पुरुष एकत्र धावत होते आणि टेगलाच्या पुढं वेग राखून देणारे पुरुष धावपटू होते. त्यांना पेसमेकर म्हणतात. ते वारा अडवतात, गती बांधून देतात. मग हा विक्रम खरा कुणाचा, असं लोक विचारू लागले. आक्षेप अगदीच पोकळ नव्हता. वाऱ्याचा आडोसा मिळाला की दमछाक कमी होते, हे कुणीही सायकलवाला सांगेल. २०११ साली जागतिक संघटनेनं या वादात हात घातला आणि अखेरीस फक्त स्त्रियांच्या शर्यती आणि मिश्र शर्यती असे दोन स्वतंत्र विक्रम नोंदवण्याची पद्धत पडली. पण पुरुष विक्रमवीरांच्या पुढंही पेसमेकर असतात, हेही विसरता येत नाही. आडोसा कुणीही दिला, तरी पाय आपलेच उचलावे लागतात. १९९९ साली बर्लिनला टेगलानं आपलाच विक्रम आणखी चार सेकंदांनी सुधारला.

आता सगळ्यांत वाईट सकाळ. २००० सालचं सिडनी ऑलिम्पिक. त्याच वर्षी ती लंडन मॅरेथॉन जिंकून आली होती, विक्रम तिच्या नावावर होता, सुवर्णपदक तिचंच असं बहुतेकांनी धरलं होतं. शर्यतीच्या आदल्या रात्री तिला अन्नातून विषबाधा झाली. दुसरी कुणी असती तर उतरली नसती, किंवा उतरून वाटेत थांबली असती. ऑलिम्पिकमध्ये तेव्हा बक्षिसाची रक्कमही नसायची. तेराव्या क्रमांकाला ना पदक, ना पैसा. तरी टेगलानं शर्यत पुरी केली. तेरावी आली. सुवर्ण जपानच्या नाओको ताकाहाशीला मिळालं. तीन दिवसांनी टेगला दहा हजार मीटरची प्राथमिक फेरी धावली आणि आणखी तीन दिवसांनी अंतिम फेरी. तिथं पाचवी आली. आठवड्याभरात आजारी शरीरानं साठ किलोमीटरहून अधिक शर्यत. तिच्या सगळ्या विजयांपेक्षा मला हा आठवडा मोठा वाटतो. आपल्या भरवशावर माणसं बसली आहेत, हे ज्याला कळतं तो असं धावतो.

त्यानंतर पूर्वीसारखे विजय आले नाहीत. २००१ साली ताकाहाशीनं तिचा विक्रम मोडला. आठवड्याभरात केनियाच्याच कॅथरीन न्डेरेबानं तो आणखी खाली आणला. २०२३ साली बर्लिनला इथिओपियाच्या टिगिस्ट असेफानं २ तास ११ मिनिटं ५३ सेकंदांत अंतर कापलं. विक्रम हे असे असतात. ते जमिनीसारखे नावावर राहत नाहीत.

मग टेगलाच्या नावावर राहिलं काय? तिच्या मुलखात गुरांच्या चोरीवरून टोळ्यांमध्ये पिढ्यान्‌पिढ्या वैर होतं. पूर्वी भाले होते, नंतर बंदुका आल्या आणि माणसं फार मरू लागली. २००३ साली टेगलानं स्वतःच्या नावानं शांतता प्रतिष्ठान काढलं आणि कापेनगुरिया गावात शांतता-दौड सुरू केली. २००६ मध्ये सहा जमातींचे सुमारे दोन हजार लढवय्ये तिथं दहा किलोमीटर धावले. ज्यांनी एकमेकांवर गोळ्या झाडल्या, ते एका रेषेवर उभे राहिले. एका शर्यतीनं वैर संपत नाही, हे उघड आहे. पण त्यांना एकत्र बोलावण्याचा अधिकार पाच फुटी बाईला मिळाला, तो तिच्या पायांमुळं.

केनियाच्या उत्तरेला काकुमा इथं निर्वासितांची मोठी छावणी आहे. तिथली मुलं चांगली धावतात, हे टेगलानं हेरलं. छावणीत निवड-चाचण्या झाल्या. काही जण अनवाणीच धावले, कारण बूट नव्हतेच. निवडलेल्यांना नैरोबीजवळच्या न्गोंग इथं तिच्या केंद्रात आणून तयार केलं. २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये इतिहासात पहिल्यांदा निर्वासितांचा संघ उतरला. दहा खेळाडूंपैकी पाच जण काकुमातून आलेले दक्षिण सुदानचे धावपटू होते. संघाचा ध्वज रोझ लोकोन्येन या मुलीनं धरला होता आणि पथकप्रमुख होती टेगला लोरूप. २०२१ मध्ये झालेल्या टोकियो ऑलिम्पिकमध्येही ती जबाबदारी तिच्याकडंच होती.

तर मंडळी, धावून पोट भरतं का? प्रत्येकीचं भरत नाही, हे खरंच आहे. हजार मुली धावतात तेव्हा एखादी टेगला होते. म्हणून शाळा सोडून धाव, असं मी कुणाला सांगणार नाही. टेगलाचं धावणंसुद्धा शाळेच्या वाटेवरच सुरू झालं. पण आपल्या घरातली मुलगी सकाळी उठून धावायला निघाली, तर पोटापाण्याचा प्रश्न विचारण्याआधी एवढं बघा, की तिच्या पायात धड बूट आहेत का, परत आल्यावर तिच्यासाठी गरम भाकरी आहे का, की तीच सगळ्यांसाठी भाकऱ्या थापायला बसते. आणि तिच्या बाजूनं बोलणारं घरात कुणी आहे का. टेगलाला एक बहीण होती. एवढ्यावर ती पुढं निघाली.