परकं कोण, पाहुणं कोण?



आपल्या केंद्रावर आम्ही दर वेळी बचत, आरोग्य, शेळ्या, परसबाग अशा रोजच्या कामाच्या गोष्टी बोलतो. आज जरा लांब जाऊ या. चंद्रावर, मंगळावर आणि त्याच्याही पलीकडे.

मंगळ म्हटलं की आपल्याला आधी पत्रिका आठवते. "मुलीला मंगळ आहे," एवढं कुणी बोललं की घरातल्या सगळ्यांचे चेहरे उतरतात. इंग्लंडमध्ये सव्वाशे वर्षांपूर्वी एका लेखकानं मंगळाची निराळीच भीती लोकांना घातली होती. ती गोष्ट आम्हाला आमच्या गटातल्या निवृत्त शिक्षिका बाईंनी सांगितली. एका शनिवारी शेंगा फोडता फोडता त्यांनी सुरुवात केली आणि बघता बघता पाच शनिवार झाले. पाच शनिवारी पाच जुन्या कादंबऱ्या. पाचही ब्रिटिश लेखकांच्या, आणि पाचही आभाळापलीकडच्या. ऐकताना आमच्या लक्षात आलं की प्रश्न पाचही ठिकाणी एकच आहे. आपल्यापेक्षा वेगळं कुणी समोर आलं, तर आपण काय करतो?

पहिला लेखक हर्बर्ट जॉर्ज वेल्स. १८६६ सालचा जन्म. वडलांचं दुकान होतं, पण ते काही नीट चालायचं नाही. आई एका मोठ्या वाड्यात नोकरचाकरांवर देखरेख करायचं काम करायची. वेल्सला पोरवयातच कापडाच्या दुकानात उमेदवारीला ठेवलं. त्याला ते सोसवेना. आईच्या मालकांच्या वाड्यातली पुस्तकं त्यानं वाचून काढली, पुढे शिष्यवृत्ती मिळवली आणि लंडनला जीवशास्त्र शिकला.

१८९८ साली त्याचं 'द वॉर ऑफ द वर्ल्ड्स' हे पुस्तक आलं. त्याचा अर्थ 'जगांचं युद्ध'. लंडनजवळच्या एका गावाबाहेर मोकळा माळ असतो, आपल्याकडच्या गायरानासारखा. तिथे आभाळातून एक भलंमोठं नळकांडं येऊन पडतं. बघायला ही गर्दी! एक दुकानदार तर पोराला हातगाडी देऊन हिरवी सफरचंदं आणि सरबत विकायला पाठवतो. म्हणजे जत्राच भरते. काही लोक पांढरं निशाण घेऊन बोलणी करायला पुढे जातात. नळकांड्यातून आलेले मंगळवासी त्यांना आगीच्या झोतानं तिथंच जाळून टाकतात. मग तीन पायांची उंचच उंच यंत्रं गावामागून गावं उद्ध्वस्त करत लंडनकडे निघतात. इंग्रजांच्या तोफांचं त्यांच्यापुढे फारसं काही चालत नाही. शेवटी मंगळवासी मरतात ते साध्या जंतूंनी. आपलं शरीर ज्या जंतूंशी हजारो वर्षं झगडत आलं, त्यांची त्या परक्यांच्या अंगाला सवयच नसते.

या गोष्टीचं बी कुठलं होतं, हे कळलं तेव्हा आमच्या हातातल्या शेंगा हातातच राहिल्या. ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेला टास्मानिया नावाचं बेट आहे. गोरे तिथे वसाहत करायला गेले आणि पन्नासेक वर्षांत त्यांनी तिथल्या मूळ लोकांची जवळजवळ वाताहत केली. वेल्सचा भाऊ त्याच्याशी याबद्दल बोलत होता. आपल्यावर असंच कुणी आभाळातून उतरलं तर, असा विषय निघाला आणि त्यातून पुस्तक झालं. पुस्तकाच्या पहिल्याच प्रकरणात टास्मानियाचं नाव आहे.

१८९७ साली ही गोष्ट इंग्लंडमधल्या एका मासिकातून क्रमाक्रमानं छापून येत होती. त्याच वर्षी आपल्या पुण्यात प्लेगच्या तपासणीसाठी गोरे सोजीर घराघरांत शिरले होते, पार माजघरापर्यंत. आपल्या पणज्यांना ती भीती कादंबरीत वाचावी लागली नाही. वेल्सनं आपल्याच लोकांना विचारलं होतं, तुम्ही दुसऱ्याच्या दारात जसे गेलात, तसं कुणी तुमच्या दारात आलं तर?

दुसरी गोष्टही वेल्सचीच, १९०१ सालची, चंद्रावर गेलेल्या पहिल्या माणसांची. एक भोळा शास्त्रज्ञ, कॅव्हर. दुसरा धंद्यात बुडालेला बेडफर्ड. कॅव्हर असा पदार्थ शोधतो की त्याच्या आडोशाला गुरुत्वाकर्षण चालत नाही. त्याचा गोळा करून दोघं चंद्रावर जातात. चंद्राच्या पोटात मुंग्यांसारखे राहणारे लोक असतात. ते या दोघांना पकडून सोन्याच्या साखळ्यांनी बांधतात, कारण सोनं त्यांच्याकडे लोखंडासारखं मुबलक. बेडफर्डला दिसतं ते फक्त सोनं. हाणामारी करून, सोनं घेऊन तो पृथ्वीवर पळतो. कॅव्हर तिथेच राहतो, त्यांना आपली भाषा शिकवतो आणि बिनतारी यंत्रानं पृथ्वीवर संदेश पाठवायला लागतो.

त्यातला एक संदेश आम्हाला फार लागला. तिथल्या काही पोरांना लहानपणीच बरणीत कोंबून वाढवतात. फक्त हात बाहेर ठेवतात, म्हणजे मोठेपणी यंत्र चालवायला हात तेवढा कामाचा. कॅव्हरला आधी किळस येते. मग त्याच्या मनात येतं, आपण पृथ्वीवर तरी काय करतो? आधी पोराला माणूस म्हणून वाढू देतो आणि मग त्याचं यंत्र करतो. हे लिहिणारा स्वतः कापडाच्या दुकानात राबलेला पोर होता, हे विसरू नका. आपल्याकडे भावंडं सांभाळायला शाळेतून काढलेली मुलगी म्हणजे तरी काय? तिचेही हातच तेवढे वाढू दिले ना?

पुढे कॅव्हर चंद्राच्या राजाला मोकळेपणानं सांगून टाकतो की आमच्याकडे माणसं एकमेकांवर चाल करून जातात, लढाया करतात. राजा थक्क होतो. असले लोक उद्या आपल्याकडे आले तर? थोड्याच दिवसांत कॅव्हरचे संदेश मध्येच तुटतात, ते कायमचे.

तिसऱ्या शनिवारी आलं 'आउट ऑफ द सायलेंट प्लॅनेट'. साल १९३८, लेखक सी. एस. लुईस, ऑक्सफर्डच्या विद्यापीठात शिकवणारे. यातला नायक रॅन्सम हा भाषांचा अभ्यासक. सुट्टीत पायी फिरत असताना दोघं जण त्याला पळवून मंगळावर नेतात. तिथल्या लोकांना बळी द्यायला माणूस हवा, असा त्या दोघांचा समज. रॅन्सम त्यांच्या तावडीतून निसटतो. पाण्याकाठी त्याला काळ्या केसाळ अंगाचं, माणसाहून उंच जनावर दिसतं. भीतीनं त्याचा जीव गोळा होतो. एवढ्यात ते जनावर तोंडानं काही आवाज काढतं आणि रॅन्समच्या ध्यानात येतं, अरे, हे तर बोलतंय! त्या क्षणी भीती मागे पडते. याचं व्याकरण कसं असेल, हाच विचार डोक्यात येतो. दोघं एकमेकांना शब्द शिकवतात. ज्याला तो राक्षस समजला होता, तो कविता करणारा आणि मासेमारी करणारा सज्जन निघतो.

त्या मंगळावर तीन जातींचे लोक आहेत. कवी, विचार करणारे आणि कारागीर. तिघांची रूपं वेगळी, कामं वेगळी, पण कुणी कुणावर हुकूम चालवत नाही. मैत्रिणींनो, ही ओळ आम्ही बाईंकडून दोनदा सांगून घेतली.

रॅन्समला पळवून नेणाऱ्यांपैकी एकाला सोनं हवं असतं. दुसरा शास्त्रज्ञ, तो मानवजातीच्या भल्याच्या मोठमोठ्या बाता मारतो. शेवटी तो मंगळाच्या अधिपतीपुढे लांबलचक भाषण ठोकतो आणि रॅन्सम त्याचं तिथल्या भाषेत भाषांतर करत जातो. त्या भाषेत फसवे शब्दच नाहीत. म्हणून भाषणातला सगळा डौल गळून पडतो आणि उरतं एवढंच : आम्ही बळकट आहोत, म्हणून तुम्हाला मारून तुमची जागा घेणं बरोबर आहे. कुणी सभेत अवघड शब्दांत बोलायला लागलं, तर आपणही हेच करावं. "साहेब, हे आमच्या भाषेत सांगा," असं म्हणावं. खरं काय ते लगेच कळतं.

आता आमची एक चूक सांगतो. आमच्या आळीत तीन वर्षांपूर्वी परराज्यातली एक सून आली. तिला मराठी येत नव्हतं. नळावर आम्ही बोलायचो, ती नुसती बघत राहायची. आम्ही आपसांत म्हणायचो, "भारी शिष्ट दिसते," नाहीतर, "मुकीच आहे की काय." सहा महिने आमच्यातल्या एकीनंही तिला विचारलं नाही की तुमच्याकडे पाण्याला काय म्हणतात, भाकरीला काय म्हणतात. रॅन्सम मंगळावर जाऊन शब्द शिकला. आम्हाला दोन घरं ओलांडून जायला जमलं नाही.

चौथी कादंबरी १९५७ सालची, 'द ब्लॅक क्लाउड' म्हणजे 'काळा ढग'. लेखक फ्रेड हॉयल हे स्वतः मोठे खगोलशास्त्रज्ञ. आभाळातून वायूचा एक प्रचंड ढग येतो आणि सूर्य झाकून टाकतो. पृथ्वीवर थंडी पडते, माणसं मरतात. पुढे शास्त्रज्ञांना कळतं की या ढगाला बुद्धी आहे. तो मुद्दाम त्रास द्यायला आलेला नाही. ग्रहावर विचार करणारे जीव असतील, हे त्याच्या गावीही नसतं. शास्त्रज्ञ त्याच्याशी बोलायला लागतात. सरकारं मात्र घाबरून त्याच्यावर बॉम्ब सोडतात, आणि ढग ते आल्या वाटेनं परत धाडतो.

या हॉयलसाहेबांचे विद्यार्थी कोण, ठाऊक आहे? आपले डॉ. जयंत नारळीकर! कोल्हापूरला जन्मलेले नारळीकर १९५७ सालीच केंब्रिजला गेले आणि हॉयल यांच्या हाताखाली त्यांनी संशोधन केलं. पुढे त्यांनी मराठीत विज्ञानकथा लिहिल्या. 'यक्षांची देणगी' हे त्यांचं पुस्तक गावच्या वाचनालयात असेल तर जरूर मागा. गुरूनं इंग्रजीत गोष्टी लिहिल्या, शिष्यानं आपल्या भाषेत.

आणि आता शेवटची, आम्हाला सगळ्यांत आवडलेली. ही एका बाईनं लिहिली आहे. नाओमी मिचिसन, जन्म १८९७, स्कॉटलंडमधला. एकशे एक वर्षं जगल्या. घर, मुलंबाळं, खेड्यातली शेती, जिल्ह्याच्या कौन्सिलचं काम आणि ढीगभर पुस्तकं, सगळं केलं. त्यांचे भाऊ जे. बी. एस. हाल्डेन हे नामवंत शास्त्रज्ञ. ते पुढे भारतात आले, भारताचे नागरिक झाले आणि भुवनेश्वरला वारले.

मिचिसनबाईंची 'मेमॉयर्स ऑफ अ स्पेसवुमन' १९६२ साली आली. म्हणजे 'अंतराळात जाणाऱ्या बाईच्या आठवणी'. नायिकेचं नाव मेरी. तिचं काम लढायचं नाही, यंत्र चालवायचंही नाही. दुसऱ्या ग्रहांवरच्या जीवांशी संवाद साधायचा, हीच तिची नोकरी. या प्रवासात काळ वेगळा चालतो. ती परत येते तेव्हा मुलं कितीतरी मोठी झालेली असतात. म्हणून पोटच्या पोराजवळ पुरेसे दिवस राहिल्यावरच ती पुढच्या मोहिमेवर निघते. कामासाठी मूल मागे ठेवून निघताना पोटात कसं तुटतं, हे आपल्यातल्या कितीतरी जणींना वेगळं सांगायला नको.

एका ग्रहावर तिला पाच हातांचे जीव भेटतात. आपल्याला दोन हात, म्हणून आपण हे नाहीतर ते, खरं नाहीतर खोटं असा दोन बाजूंनी विचार करतो. ते पाच बाजूंनी करतात. त्यांचं म्हणणं समजून घेता घेता मेरीचं डोकं चक्रावतं. साधं हो की नाही तिला ठरवता येईना. दुसऱ्याला खरंच समजून घ्यायचं तर आपणही थोडे बदलतो, फुकटात काही होत नाही, हे तिला उमगतं.

दुसऱ्या एका ग्रहावर सुरवंट आणि फुलपाखरं आहेत. सुरवंट चिखलात मजेत लोळतात, रंगीत नक्षी काढतात. फुलपाखरं येऊन त्यांचा मनानं छळ करतात. का? तर तुमच्या या मजेमुळे तुमचं पुढचं फुलपाखराचं रूप बिघडेल म्हणून. त्यांच्याच भल्यासाठी छळ! मेरीच्या एका सोबतिणीला हे बघवत नाही आणि रागाच्या भरात ती एका फुलपाखराचा जीव घेते. त्यानं काही सुटत नाही, उलट त्यांच्या कामाचा मोठा नियम मोडतो. दुसऱ्याच्या घरात जाऊन आपला न्याय लादायचा नाही, हा तो नियम.

हे ऐकून आमच्यात बराच वेळ वाद झाला. एक सासूबाई म्हणाल्या, "आम्ही सोसलं म्हणून तर घडलो." त्यांचीच सून तिथे बसली होती. ती हळूच म्हणाली, "पण आत्या, फुलपाखरू आधी सुरवंटच होतं ना?" सगळ्या गप्प झाल्या. मग सासूबाईच हसल्या. "होय गं, होतं खरं," म्हणाल्या. छळ दिसत असताना गप्प बसावं का, हा प्रश्न मात्र आमचा सुटला नाही. काही जणी म्हणाल्या, परग्रहावर नियम ठीक, आपल्या आळीत मात्र मध्ये पडलंच पाहिजे. तुम्ही ठरवा.

आज मंगळावर माणसांनी पाठवलेली यंत्रं फिरतात. भारताचं मंगळयान २०१४ साली मंगळापाशी पोचलं, आणि त्या कामात बायकाही होत्या. तिथे तीन पायांची यंत्रं नाहीत, कविता करणारे लोकही सापडलेले नाहीत. त्या गोष्टी खोट्या ठरल्या म्हणून टाकून द्याव्यात का? आम्हाला तसं वाटत नाही. ते लेखक सांगत होते ते आपल्याबद्दलच होतं. परक्याला बघून एक जण तोफ काढतो, एक सोनं शोधतो, आणि एखादा विचारतो, "तुमच्या भाषेत याला काय म्हणतात?"

पाचव्या शनिवारनंतर आम्ही दोघी-तिघी त्या सुनेच्या घरी गेलो. तिनं चहा केला. आम्ही कपाकडे बोट दाखवून विचारलं. तिनं तिचा शब्द सांगितला, आम्ही तो चुकीचा म्हटला आणि ती पोट धरून हसली. तीन वर्षांत आम्ही तिला असं हसताना पाहिलं नव्हतं. आता ती शनिवारी येते. पुढच्या महिन्यात तिच्या गावाकडची गोष्ट ती सांगणार आहे, जमेल तशा मराठीत.

तुमच्या गटाच्या पुढच्या बैठकीत एवढं बोला. आपल्या गावात नव्यानं आलेलं कोण आहे? ऊसतोडीला आलेली कुटुंबं, वीटभट्टीवरच्या बाया, परगावची सून. त्यांच्या बोलीतले पाच शब्द आपल्याला येतात का? येत नसतील तर मंगळावर जायची गरज नाही. दोन घरं ओलांडली तरी पुरे.

पुन्हा भेटू. नमस्कार!