नऊ गोळ्या आणि डब्यात गेलेला अल्बम



४ जुलै २००० या तारखेला अमेरिकेतल्या दुकानांत एका नव्या रॅपरचा पहिला अल्बम यायचा होता. नाव होतं 'पॉवर ऑफ द डॉलर'. १८ गाणी तयार होती. कोलंबियासारखी जुनी, मातब्बर रेकॉर्ड कंपनी पाठीशी होती. 'डेस्टिनीज चाइल्ड' या त्या काळी गाजत असलेल्या गटाबरोबरचं एक गाणंही अल्बममध्ये होतं आणि त्याच्या व्हिडिओचं चित्रीकरण अगदी काही दिवसांवर आलं होतं. तो अल्बम आलाच नाही. डब्यात गेला. गायकाचं नाव कर्टिस जॅक्सन. जग त्याला फिफ्टी सेंट म्हणून ओळखतं.

अल्बम का आला नाही, या प्रश्नाचं एका वाक्यातलं उत्तर रॅपच्या कुठल्याही चाहत्याकडे तयार असतं. गायकावर गोळ्या झाडल्या गेल्या म्हणून. हे उत्तर मला पुरेसं वाटत नाही. गोळ्या गायकाला लागल्या होत्या, ध्वनिमुद्रणाच्या टेपांना नाही. गाणी शाबूत होती आणि गायकही वाचला होता. तरी अल्बम थांबला. तो का थांबला, हे समजून घ्यायचं तर आधी ही गाणी ज्या वस्तीतून आली तिथे जायला हवं.

न्यूयॉर्कच्या क्वीन्स विभागात साउथ जमेका नावाचा भाग आहे. १९८० च्या दशकात इथे क्रॅक कोकेन आलं आणि गल्ल्यांचा नकाशाच बदलला. बेझली पार्क हाउसेस या सरकारी वसाहतीवर केनेथ मॅकग्रिफ ऊर्फ 'सुप्रीम' याच्या 'सुप्रीम टीम' या टोळीचा ताबा होता. शेजारच्या भागात लॉरेन्झो निकल्स ऊर्फ 'फॅट कॅट' याचं राज्य होतं. १९८७ मध्ये सुप्रीम टीमची रोजची उलाढाल २ लाख डॉलरच्या वर गेली होती, असं सरकारी कागद सांगतात. फेब्रुवारी १९८८ मध्ये एका साक्षीदाराच्या घराबाहेर पहाऱ्यावर बसलेल्या एडवर्ड बर्न या २२ वर्षांच्या पोलिसाला त्याच्याच गाडीत गोळ्या घालण्यात आल्या. तेव्हा सगळ्या देशाचं लक्ष या वस्तीकडे गेलं.

कर्टिस त्या वेळी १२ वर्षांचा होता. त्याची आई अमली पदार्थ विकायची. तो आठ वर्षांचा असताना तिचा खून झाला आणि तो आजी-आजोबांकडे वाढला. बाराव्या वर्षी तोही तोच माल विकू लागला. १९९४ मध्ये पकडला गेला, लष्करी शिस्तीच्या सुधारगृहात काही महिने काढून बाहेर आला. पुढे 'रन-डीएमसी' या गटाच्या जॅम मास्टर जे याने त्याला हाताशी धरलं. ठेक्याच्या मात्रा कशा मोजायच्या, ध्रुवपद कसं बांधायचं, गाण्याला आकार कसा द्यायचा, हे या माणसाने त्याला शिकवलं. क्वीन्समधल्याच एका मोठ्या कलावंताने आपल्या वस्तीतल्या एका वाट चुकलेल्या पोराला दिलेली ही विद्या होती, आणि मला ती या सगळ्या कहाणीतली सर्वांत चांगली गोष्ट वाटते.

१९९९ मध्ये 'ट्रॅकमास्टर्स' या निर्माता जोडीमार्फत तो कोलंबियाकडे आला. या जोडीने त्याला न्यूयॉर्क शहरापासून दूर एका स्टुडिओत पाठवलं. दोन आठवड्यांत त्याने ३६ गाणी केली. त्यातली १८ निवडून अल्बम सिद्ध झाला. कोलंबियाकडे गायकांची कमी नव्हती, आपण या गर्दीत हरवून जाऊ हे त्याला कळत होतं. म्हणून त्याने 'हाऊ टू रॉब' नावाचं गाणं केलं. यशस्वी, श्रीमंत गायकांची एकामागून एक नावं घेऊन आपण त्यांना कसं लुटू, याची ती यादी होती. जे-झीपासून बिग पनपर्यंत अनेकांनी आपापल्या गाण्यांतून उलट उत्तरं दिली. काल कुणाला ठाऊक नसलेला माणूस एका उन्हाळ्यात सगळ्यांच्या तोंडी झाला. गाण्यात आगाऊपणा भरपूर आहे आणि लुटीचं कौतुकही आहे. ते कौतुक मला मान्य नाही. पण त्या गाण्यातला उपाशी माणूस खरा आहे, हे मात्र ऐकताक्षणी जाणवतं.

अल्बममधलं दुसरं एक गाणं या सगळ्याहून वेगळं होतं. त्याचं नाव 'घेटो कुराण'. यात फिफ्टी सेंट कुणाला लुटत नाही, कुणाला आव्हान देत नाही. आपण लहानपणी ज्यांना गाडीतून उतरताना पाहिलं, त्या साउथ जमेकाच्या टोळीप्रमुखांचा इतिहास तो सांगतो. कोण कसा वर आला, कोणाची जरब होती, कोण कोणाचा माणूस होता, हे सगळं खऱ्या नावांनिशी. सुप्रीम त्यात आहे, फॅट कॅटही आहे. आवाज चढलेला नाही. ऐकताना वाटतं की एक मुलगा आपल्या गावाची बखर लिहून ठेवतोय. आपले शाहीर पोवाड्यात सरदारांची नावं घेत, ते काम हा मुलगा करत होता. फरक एवढाच की पोवाड्यात नाव आलं तर मान वाढतो, आणि साउथ जमेकात गाण्यात नाव आलं तर ते पोलिसांच्या वहीतही जाऊ शकतं. मॅकग्रिफ तोवर शिक्षा भोगून बाहेर आला होता आणि चित्रपट व्यवसायात शिरायच्या खटपटीत होता. जुन्या धंद्याची उजळणी त्याला नको असणार, हे समजायला फार विचार करावा लागत नाही.

२४ मे २००० रोजी साउथ जमेकात आजीच्या घरासमोर फिफ्टी सेंट एका मित्राच्या गाडीत मागच्या सीटवर बसला होता. आजी अंगणात होती, त्याचा लहान मुलगा घरात होता. शेजारी दुसरी गाडी येऊन थांबली आणि एका माणसाने अगदी जवळून त्याच्यावर गोळ्या झाडल्या. नऊ गोळ्या लागल्या. हात, कंबर, दोन्ही पाय, छाती आणि डावा गाल. गालातल्या गोळीने दाढ गेली, जिभेला इजा झाली आणि त्याचा आवाज कायमचा बदलला. १३ दिवस तो रुग्णालयात होता. या हल्ल्याबद्दल कुणावरही खटला चालला नाही. काही वर्षांनी एका फेडरल तपास अधिकाऱ्याने न्यायालयात दिलेल्या प्रतिज्ञापत्रात, 'घेटो कुराण'मुळे मॅकग्रिफ आणि इतरांनी हा कट केल्याचा संशय मांडला. पण त्यावरून मॅकग्रिफवर आरोपपत्र आलं नाही. २००७ मध्ये त्याला जन्मठेप झाली ती दुसऱ्या दोन खुनांच्या सुपारीबद्दल.

आता कंपनीकडे येऊ. कोलंबियाने या काळात काय केलं? गायक रुग्णालयात असतानाच त्याच्या गीतलेखनाच्या हक्कांचा करार झाला. आणि मग कंपनीने त्याला करारातून मोकळं केलं. अल्बम थांबला. त्यानंतर न्यूयॉर्कमधल्या मोठ्या कंपन्या आणि स्टुडिओ त्याला दारात उभं करेनात. ज्याला गोळ्या लागल्या त्याच्याभोवती पुन्हा गोळ्या चालतील, ही भीती सगळ्यांना होती.

ती भीती खोटी होती असं मी म्हणणार नाही. रॅपर टुपॅक शकूर १९९६ मध्ये आणि नोटोरियस बी.आय.जी. १९९७ मध्ये मारला गेला होता. स्टुडिओत काम करणाऱ्या साध्या माणसांचा जीव कंपनीने धोक्यात घालावा, असं कोण म्हणेल? पण १८ तयार गाणी दुकानात पाठवायला कुणाला स्टुडिओत बसावं लागत नाही. इथे कंपनीचा हिशेब उघडा पडतो. गँगस्टा रॅप विकणाऱ्या कंपन्या धोका विकत होत्या. आपल्या गायकाने रस्त्यावरचं खरं आयुष्य जगलेलं असावं, ही त्यांची अट होती आणि जाहिरातही. ते खरं आयुष्य पिस्तूल घेऊन समोर आलं तेव्हा माल परत करावा तसा त्यांनी माणूस परत केला. मार खाल्लेल्या माणसालाच शिक्षा झाली, हा अन्याय आहे.

याआधीही रॅपरांचे अल्बम अडवले गेले होते. १९९२ मध्ये आइस-टीच्या 'कॉप किलर' या गाण्यावरून टाइम वॉर्नर कंपनीवर पोलीस संघटना आणि राजकारणी तुटून पडले. गाणं मागे घ्यावं लागलं. त्या धसक्याने वॉर्नरने पॅरिस या रॅपरचा तयार अल्बम काढायला नकार दिला, तो त्याने स्वतः काढला. तिथे निदान वाद शब्दांवर होता. सरकारवर, पोलिसांवर काय बोलावं, काय बोलू नये, हे उघड्यावर भांडलं गेलं. 'पॉवर ऑफ द डॉलर'च्या वाट्याला तेवढाही मान आला नाही. त्या गाण्यांवर बंदी घाला असं उघडपणे कुणी म्हटलं नाही, कुणी बचाव केला नाही. ती गुपचूप कपाटात गेली.

गाणी मात्र कपाटात राहिली नाहीत. न्यूयॉर्कच्या पदपथांवर त्यांच्या चोरट्या सीड्या विकल्या जाऊ लागल्या. फिफ्टी सेंट सावरला, गाल आणि जीभ अजून जड असतानाच पुन्हा गाऊ लागला. कुठलीच कंपनी घेत नाही म्हटल्यावर त्याने स्वतःच्या मिक्सटेप रस्त्यावर सोडल्या. २००२ मध्ये 'गेस हूज बॅक' नावाचा संग्रह एका लहान कंपनीकडून आला. त्यात इतर गाण्यांबरोबर 'घेटो कुराण'ही होतं. तो संग्रह एमिनेमच्या हाती पडला, आणि त्याने आणि डॉ. ड्रेने फिफ्टी सेंटला १० लाख डॉलरचा करार दिला. जी गाणी एका कंपनीने कपाटात टाकली, त्यातलंच एक दुसरं दार उघडणाऱ्या संग्रहात होतं.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. फेब्रुवारी २००३ मध्ये 'गेट रिच ऑर डाय ट्रायिंग' आला आणि पहिल्या चार दिवसांत त्याच्या ८ लाख ७२ हजार प्रती खपल्या. मुखपृष्ठावर गोळीने तडकलेली काच. नऊ गोळ्यांची कथा प्रत्येक मुलाखतीत, प्रत्येक लेखात. तीन वर्षांपूर्वी ज्या नऊ गोळ्यांपासून कंपनी पळाली, त्याच आता दुसऱ्या कंपनीच्या सर्वांत मोठ्या जाहिरातीचं भांडवल झाल्या. त्याचे पहिले गुरू जॅम मास्टर जे हे यश पाहायला उरले नव्हते. ३० ऑक्टोबर २००२ रोजी क्वीन्समधल्या त्यांच्याच स्टुडिओत त्यांचा खून झाला. तो फिफ्टी सेंटमुळे झाला, असा तर्क वर्षानुवर्षं चालला. २०२४ मधल्या खटल्यात सरकारी पक्षाने कारण मांडलं ते अमली पदार्थांच्या व्यवहारातल्या वादाचं.

'गेट रिच'चे ठेके अधिक सफाईदार आहेत, गाणी अधिक घोटलेली आहेत. तरी माझं मत डब्यात गेलेल्या अल्बमच्या बाजूने आहे. 'गेट रिच'मधला फिफ्टी सेंट स्वतःची दंतकथा सांगतो. 'पॉवर ऑफ द डॉलर'मधला फिफ्टी सेंट, निदान त्या एका गाण्यात, आपल्या वस्तीची साक्ष देतो. क्रॅकच्या काळातलं क्वीन्स न्यायालयाच्या निकालपत्रांत आणि पोलिसांच्या नोंदींत सापडतं, पण तिथे ते बाहेरून पाहिलेलं असतं. आतून पाहिलेलं फार थोडं उरलं आहे.

कोलंबियाने त्या काळी त्यातली मोजकी गाणी बाजारात सोडली. ठरलेल्या १८ गाण्यांचा पूर्ण अल्बम मात्र कंपनीने काढलेला नाही. तो काढावा. ज्यांनी त्यावर काम केलं त्यांची नावं त्यावर छापावीत आणि त्यांचे पैसे त्यांना द्यावेत. आणि श्रोतेहो, तुमच्या घरातला कुणी तरुण कानात हेडफोन घालून फिफ्टी सेंट ऐकत असेल, तर त्याला 'घेटो कुराण' शोधून ऐकायला सांगा, आणि जमलं तर त्याच्या शेजारी बसून तुम्हीही ऐका.